चपट्या पाठीची वाणी : तिचें कुल, तिची ओळख आणि शेतकऱ्याचें हिताहित

मृगाचा पाऊस होऊन जमिनीनें ओल धरली आणि सोयाबीनचे कोंब तासांतून वर डोकावूं लागले, म्हणजे नांदेड व लातूर या जिल्ह्यांतील शेतांत, बांधांवर आणि उकिरड्याच्या कडेस अनेक पायांचा एक सरपटणारा प्राणी दिसूं लागतो. कोणी त्यास वाणी म्हणतात, कोणी पैसा म्हणतात. मिलिपीड हें इंग्रजी नांवही आतां शेतकऱ्यांच्या कानांवरून गेलें आहे. परंतु या एका नांवाखालीं आपण जे प्राणी ओळखतों ते एक नसून अनेक आहेत. त्यांचीं घराणीं निराळीं, अंगांतील विषें निराळीं आणि पिकास होणारा उपद्रवही सारखा नव्हे. त्यांपैकीं चपट्या पाठीच्या वाणीचें जें एक फार मोठें कुल आहे, त्याची ओळख आम्ही प्रस्तुत लेखांत करून देणार आहों.

किड्याचें कुल व वंश हा विषय पंडितांचा, त्याच्याशीं शेतकऱ्यास काय करावयाचें आहे, असें कोणी म्हणेल. त्यास आमचें उत्तर असें कीं, दुबार पेरणीचा भुर्दंड ज्याच्या माथीं बसतो त्यानेंच चोर कोण हें आधीं नीट ओळखलें पाहिजे. सन २०२२ च्या खरिपांत लातूर, बीड व धाराशिव या भागांत शंखी गोगलगाईंनीं सोयाबीनचीं कोवळीं रोपें फस्त केलीं आणि अनेकांस पुन्हां पेरणी करावी लागली, हें वाचकांच्या स्मरणांत असेलच. गोगलगाय रात्रीं खाते व दिवस उगवण्यापूर्वीं दडून बसते. वाणीही रात्रींच बाहेर पडते, पण कुरतडलेलें व कुजूं लागलेलें रोप तिला प्रिय असल्यामुळें ती सकाळीं त्याच रोपापाशीं सांपडते. खाणारी एक आणि पकडली जाणारी दुसरी, असा प्रकार यांत सहज घडतो. मग औषध चुकतें, पैसा जातो, आणि खरा चोर मोकळा राहतो.

वाणी म्हणजे कोणता प्राणी

वाणी हा कीटक नव्हे. कीटकास सहा पाय असतात; वाणीचें शरीर एकापुढें एक ओवलेल्या कड्यांचें असून त्यांतील बहुतेक कड्यांस पायांच्या दोन दोन जोड्या असतात. म्हणूनच शास्त्रज्ञांनीं या प्राण्यांच्या वर्गास डिप्लोपोडा, म्हणजे दुहेरी पायांचे, असें नांव दिलें आहे. गोम दिसावयास याच जातीची वाटते. परंतु तिच्या दर कड्यास पायांची एकच जोडी असते, तिला विषारी नख्या असतात आणि ती दुसऱ्या प्राण्यांची शिकार करून जगते. वाणीस नांगी नाहीं व ती चावतही नाहीं. कुजका पालापाचोळा हें तिचें मुख्य अन्न होय.

डिप्लोपोडा या वर्गांतील सुमारें १२,००० जातींचें वर्णन आजवर झालें असून त्या सोळा गणांत वांटलेल्या आहेत. ही वांटणी शेतकऱ्यास समजावयास कठीण नाहीं. आपल्या जमिनीचा पत्ता सांगतांना आपण आधीं जिल्हा, मग तालुका, मग गांव आणि शेवटीं गट नंबर सांगतों. त्याचप्रमाणें प्राण्याचा पत्ता सांगतांना वर्ग, गण, कुल, वंश व जाति असा क्रम धरतात. आपल्या चपट्या वाणीचा वर्ग डिप्लोपोडा, गण पॉलिडेस्मिडा आणि कुल पॅराडोक्सोसोमॅटिडी. पॉलिडेस्मिडा हा त्या सोळा गणांत सर्वांत मोठा असून त्यांत सुमारें साडेतीन हजार जाती आहेत. त्यांतील सुमारें एक हजार जाती एकट्या पॅराडोक्सोसोमॅटिडी कुलांत येतात, व त्यांचे वंश दोनशेंच्या जवळपास आहेत. यावरून या घराण्याचा विस्तार ध्यानांत येईल.

चपटी कोणती व गोल कोणती

शेतांतल्या शेतांत करतां येण्याजोगी पहिली परीक्षा आकाराची. गोल वाणी, जिला आपल्याकडे विशेषेंकरून पैसा म्हणतात, ती लेखणीच्या दांडीसारखी वाटोळी असते. तिला चाळीस-पन्नास किंवा त्याहूनही अधिक कडीं असतात आणि हात लावतांच ती नाण्यासारखी गुंडाळून पडते. चपट्या वाणीच्या प्रत्येक कड्याच्या दोन्ही अंगांस पन्हळी पत्र्याच्या वळचणीसारखी कड बाहेर आलेली असते, त्यामुळें पाठ सपाट दिसते. पॅराडोक्सोसोमॅटिडी कुलांतील कित्येक जातींत ही कड अगदीं बारीक असते, म्हणून केवळ पाठीवर भिस्त न ठेवतां कडीं मोजावीं हें उत्तम. पूर्ण वाढलेल्या चपट्या वाणीस शेपटीचें टोक धरून बहुधा वीस कडीं असतात, क्वचित् एकोणीस. कितीही म्हातारी झाली तरी ही संख्या वाढत नाहीं.

पायांचा हिशेबही ठराविक आहे. डोक्यामागील पहिल्या कड्यास पाय नसतात. दुसऱ्या, तिसऱ्या व चौथ्या कड्यास एकेक जोडी. पांचव्यापासून अठराव्यापर्यंत दोन दोन जोड्या. एकोणिसावें कडें व शेपटी बिनपायांची. अशा रीतीनें वीस कड्यांच्या मादीस एकतीस जोड्या, म्हणजे बासष्ट पाय होतात. सहस्रपाद हें नांव किती अतिशयोक्तीचें आहे हें यावरून दिसेल. या गणांतील एकाही जातीस डोळे नसतात. सर्व व्यवहार मिशांनीं चांचपून चालतो.

दुसरी परीक्षा वासाची व डागाची. गोल वाणी चिमटींत धरली असतां तिच्या अंगांतून जो रस निघतो त्यानें बोटें पिवळीं किंवा तपकिरी होतात व तो डाग लवकर जात नाहीं. चपट्या वाणीस डिवचलें तर डाग पडत नाहीं. मिठाईंत घालावयाच्या बदामी अर्कासारखा वास मात्र येतो. हा वास कशाचा, तें पुढें सांगूं.

कुलाचें नांव कसें पडलें

अठराव्या शतकांत स्वीडन देशचा पंडित लिनिअस यानें गोल व चपट्या अशा सर्व वाणी जूलस या एकाच वंशांत घातल्या होत्या. म्हणजे आज आपल्याकडे जो घोटाळा आहे तोच त्या काळीं शास्त्रांतही होता. पुढें एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीं फ्रान्समधील लात्रेय यानें चपट्यांचा पॉलिडेस्मस हा वंश वेगळा काढला. पॅराडोक्सोसोमॅटिडी हें कुल हंगेरींतील दादे या शास्त्रज्ञानें इ. स. १८८९ मध्यें स्थापिलें. जुन्या ग्रंथांत याच कुलास स्ट्राँगिलोसोमॅटिडी असेंही नांव आढळतें. नांवें दोन असलीं तरी घराणें एकच, हें जुनीं पुस्तकें चाळणाऱ्या वाचकांनीं लक्षांत ठेवावें.

आपल्या देशांतील वाणींचा अभ्यासही जुना आहे. लंडनच्या ब्रिटिश म्युझियममधील पोकॉक यांनीं १८९२ सालीं वर्णिलेली एक चपटी जाति आज स्ट्रेप्टोगोनोपस फिप्सोनी या नांवानें ओळखली जाते. मुंबईची नॅचरल हिस्टरी सोसायटी १८८३ सालीं ज्यांनीं स्थापिली त्यांपैकीं फिप्सन यांचें नांव तिच्यांत गोंवलेलें आहे. या जातीचीं पिल्लें पावसाळ्यांत एकमेकांस बिलगून मोठाल्या झुंडींनीं हिंडतात. त्यांचा जीवनक्रम व झुंडीचें वर्तन यांचा एक अभ्यास १९८३ सालीं प्रसिद्ध झाला आहे. व्हिएन्ना येथील आटेम्स यांचा हिंदुस्थानांतील वाणींवरील विस्तृत ग्रंथ १९३६ सालीं कलकत्त्याच्या इंडियन म्युझियमनें छापला. नंतर हॉलंडचे येकेल यांनीं १९६८ सालीं या कुलाचें वर्गीकरण व भौगोलिक विस्तार यांची नव्यानें मांडणी केली. सध्यां या कुलाचीं तीन उपकुलें मानतात : अलोगोलिकिनी, ऑस्ट्रेलिओसोमॅटिनी व पॅराडोक्सोसोमॅटिनी. पहिल्याचा वास दक्षिण व आग्नेय आशियांत, दुसऱ्याचा मुख्यतः ऑस्ट्रेलियाच्या बाजूस, आणि तिसऱ्याचा पसारा सर्वांत मोठा.

या घराण्यांतील कांहीं जाती माणसाबरोबर देशोदेशीं गेल्या आहेत. ऑक्सिडस ग्रासिलिस ही पूर्व आशियांतील जाति कुंड्यांतील मातीबरोबर युरोप व अमेरिकेंतील कांचगृहांत जाऊन पोंचली. उलट काँड्रोमॉर्फा वंशांतील आपल्या हिंदुस्थानाकडील एक जाति दूरदूरच्या उष्ण देशांत पसरली आहे. रोपवाटिकेंतून कलमें आणतांना मुळांभोंवतालची माती पाहून घ्यावी, हा बोध यांत आहे.

जाति ठरते ती नरावरून

गण व कुल आपणांस साध्या डोळ्यांनीं किंवा भिंगानें अजमावतां येईल. पण जाति ठरविणें याहून कठीण आहे. रंग, लांबी व पाठीवरील खुणा वयाप्रमाणें बदलतात, आणि निरनिराळ्या जाती वरून अगदीं सारख्या दिसतात. खरी खूण नराच्या सातव्या कड्याखालीं असते. तेथील दोन जोड्यांपैकीं पुढच्या जोडीचें चालण्याचें काम सुटून तिचें रूपांतर संयोगाच्या अवयवांत झालेलें असतें. हे अवयव वांकडेतिकडे, आंकड्यांचे व खांचांचे असून प्रत्येक जातीचे वेगळे. किल्लीचे दांते पाहून कुलूप ओळखावें तशी शास्त्रज्ञ यांवरून जाति ओळखतात. वर सांगितलेल्या सर्व वर्गीकरणाचा पाया मुख्यत्वें हाच आहे.

यांतून एक व्यवहाराची गोष्ट निघते. आपल्या शेतांतील वाणीची निश्चित ओळख करून घ्यावयाची असेल तर दहा-बारा मोठे प्राणी निवडून, त्यांत नर असल्याची खात्री करून, स्पिरिटच्या बाटलींत घालावे. बाटलीवर गांव, तालुका, पीक व तारीख लिहावी. आणि ती परभणीच्या वसंतराव नाईक मराठवाडा कृषि विद्यापीठाच्या कीटकशास्त्र विभागांत दाखवावी. नर ओळखणें सोपें आहे. प्राणी उताणा करून भिंगानें पाहिला असतां सातव्या कड्याखालीं पायांची एक जोडी गळाल्यासारखी दिसते व तेथें खांच असते. नुसत्या माद्या किंवा पिल्लें नेल्यास मोठ्या तज्ज्ञासही जाति सांगणें अवघड पडतें.

वाढीचा क्रम

मादी ओलसर मातींत पुंजक्यानें अंडीं घालते. अंड्यांतून निघालेल्या पिल्लास अवघीं सात कडीं व पायांच्या तीन जोड्या असतात. प्रत्येक कात टाकल्यावर कडीं वाढत जातात : सात, नऊ, बारा, पंधरा, सतरा, अठरा, एकोणीस आणि शेवटीं वीस. वीस कडीं झालीं कीं प्राणी प्रौढ झाला. त्यानंतर तो कात टाकीत नाहीं. कात टाकतेवेळीं तो जमिनींत स्वतःपुरती मातीची बंद कोठडी करून तींत मऊ अंगानें पडून राहतो. हा काळ त्याच्या आयुष्यांतील सर्वांत नाजूक होय. कोठडी फुटून वर आला तर तो उन्हानें वाळून मरतो किंवा पांखरांच्या व मुंग्यांच्या तोंडीं पडतो.

कीटकांच्या कातडीवर पाणी राखणारा मेणाचा थर असतो. वाणीचें कवच चुन्यानें टणक झालेलें असलें तरी असा चांगला थर तिच्यापाशीं नाहीं. म्हणून कोरडी हवा हीच तिची मोठी वैरीण. उन्हाळ्यांत आपली काळी जमीन भेगाळते तेव्हां ती भेगांतून खोल उतरते, आणि पहिल्या दमदार पावसानें जमीन भिजली व भेगांत पाणी शिरलें म्हणजे सर्व एकदम वर येतात. एका रात्रींत आभाळांतून पडल्या, असें लोक म्हणतात त्याचें कारण हेंच. जपानांत याच गणांतील, परंतु निराळ्या कुलांतील, एक जाति आठ वर्षांनीं एकदम प्रौढ होऊन इतक्या संख्येनें बाहेर पडते कीं रुळांवर त्यांचा चिखल होऊन आगगाड्या अडल्याच्या नोंदी १९२० सालापासून आहेत. आपल्याकडील झुंडी त्या मानानें लहानच म्हणाव्या लागतील.

अंगांतील विष

चपट्या वाणीच्या ठराविक कड्यांच्या कडेस बारीक छिद्रें असतात; या कुलांत तीं पांचव्या, सातव्या, नवव्या, दहाव्या, बाराव्या, तेराव्या आणि पंधराव्यापासून एकोणिसाव्या कड्यापर्यंत आढळतात. प्रत्येक छिद्रामागें दोन खणांची एक ग्रंथि आहे. एका खणांत विषाचा कच्चा माल व दुसऱ्यांत तो फोडणारें द्रव्य. प्राणी डिवचला गेला म्हणजे दोन्ही एकत्र होऊन हायड्रोसायनिक आम्ल व बदामी वासाचें बेंझाल्डिहाइड हीं बाहेर पडतात.

हें आम्ल आपल्या शेतकऱ्यांस अपरिचित नाहीं. पावसानें ताण दिला असतां कोवळी ज्वारी खाऊन जनावर दगावतें तें याच आम्लानें. तेथेंही तें मोकळें पडलेलें नसून पान चावलें गेल्यावर तयार होतें. ज्वारीनें जनावरांपासून व वाणीनें मुंग्यापांखरांपासून जीव बचावण्यासाठीं एकच तोडगा काढावा, ही सृष्टींतील मोठी नवलाची गोष्ट होय. एका वाणीच्या अंगांतील विष इतकें थोडें असतें कीं हातांत धरणाऱ्या माणसास त्यापासून भय नाहीं. तथापि गोळा करतांना चिमटा, पळी किंवा हातमोजा वापरावा, हात साबणानें धुवावे व तोवर डोळ्यांस लावूं नयेत. पुष्कळ जिवंत वाणी बंद बाटलींत कोंडून त्यांचा वास घेण्याचा खेळ मुलांस करूं देऊं नये.

हित व अहित

आतां मुख्य प्रश्न, कीं ही शत्रु कीं मित्र? वाणीचें तोंड कुजून मऊ झालेला पाचोळा खाण्याजोगें आहे. ती पाचोळा व माती गिळते, आणि तिच्या लेंड्यांतून बारीक झालेला पाला पुढें जंतूंच्या व बुरशीच्या हातीं पडून त्याचें खत होतें. किनवट-माहूरच्या सागवानी रानांत गळालेलें पान जमिनीस मिळतें, त्या कामांत गांडुळाबरोबर अशा प्राण्यांचाही वांटा असतो. बांधावरील झाडाखालीं किंवा उकिरड्यावर दिसलेली वाणी मारण्यांत शेतकऱ्याचा कांहींही लाभ नाहीं.

तिचें अहित अल्प मुदतीचें, पण नेमक्या वेळीं येणारें आहे. पेरणीपासून रोप दोन-चार पानांचें होईपर्यंत जमीन सतत ओली राहिली, काडीकचरा पुष्कळ असला, आणि हिरवें मऊ अन्न तेवढेंच समोर असलें, म्हणजे वाणी फुटक्या बियांस, डाळिंब्यांस व कोवळ्या खोडास तोंड लावतात. खोड निबर झालें व कोळपणीनें वरची माती सुकली कीं हा उपद्रव आपोआप ओसरतो. म्हणून सर्व धडपड त्या पंधरा-वीस दिवसांची आहे, हें जाणून उपाय योजावे.

पहिला उपाय ओळखीचा. रात्रीं कंदील किंवा बॅटरी घेऊन शेतांत जावें आणि रोप प्रत्यक्ष कोण खातें तें डोळ्यांनीं पहावें. पानांवर व मातीवर वाळलेल्या चिकट लाळेचे चकाकणारे पट्टे असतील तर चोर गोगलगाय आहे. वाणी असा माग ठेवीत नाहीं. मुळाशीं बुरशी व कूज असेल तर वाणी ही मागाहून आलेली समजावी व आधीं पाण्याचा निचरा पहावा.

दुसरा उपाय वस्तीचा. पेरणीपूर्वीं तासांतील धसकटें व काड वेंचून खताच्या खड्ड्यांत टाकावें. जाळूं नये, कारण त्यांतच पुढील वर्षाचें खत आहे. अर्धवट कुजलेलें शेणखत पेरणीच्या तोंडावर पसरूं नये. ज्या चिबड रानांत पाणी साचतें तेथें रुंद सरी वरंब्यावर पेरणी केल्यास बियाभोंवतीं चिखल राहत नाहीं. बीं न फुटलेलें व उगवणशक्ति तपासलेलें असावें. फुटकें बीं म्हणजे वाणीस आमंत्रण.

तिसरा उपाय वेंचणीचा. सायंकाळीं शेतांत ठिकठिकाणीं ओल्या गवताचे लहान ढीग किंवा भिजविलेलीं गोणपाटें टाकावीं. रात्रभर चरून वाणी पहाटे त्यांखालीं आसरा घेतात. ऊन चढण्यापूर्वीं त्या वेंचून मिठाच्या किंवा साबणाच्या पाण्यांत बुडवाव्या. एका घरानें हें केलें तर शेजारच्या बांधावरून पुन्हां येतील. शिवारांतील चार-सहा शेतकऱ्यांनीं एकाच आठवड्यांत केल्यास गुण निश्चित दिसतो.

चौथा उपाय कोळप्याचा. वाफसा येतांच कोळपणी करावी. तणें तर जातातच, शिवाय वरची माती सुकते, कात टाकण्याच्या कोठड्या फुटतात, आणि उघड्या पडलेल्या वाणी पांखरें व ऊन संपवितात.

विषारी औषध हा शेवटचा उपाय होय, व तो विद्यापीठाच्या किंवा कृषि खात्याच्या शिफारसीवांचून करूं नये. वाणी दिवसा मातीआड असल्यानें दुपारची फवारणी तिच्यापर्यंत बहुधा पोंचतच नाहीं. मरतात ते तिच्यावर जगणारे शिकारी किडे, आणि मधमाशा. गोगलगाईसाठीं असलेलें आमिष वाणीस लागू पडेल असें गृहीत धरूं नये. दुकानदारानें बाटली पुढें केली तर शेतकऱ्यानें त्यास उलट विचारावें, कीं हें औषध कोणत्या प्राण्यावर आहे व त्याचें नांव वेष्टणावर छापलें आहे काय?

सारांश, वीस कडीं, आंधळें डोकें, कडेस बाहेर आलेली पाठ आणि बदामी वास या चार खुणा ज्यास पाठ झाल्या त्यास चपट्या वाणीचें कुल ओळखतां आलें. नराच्या सातव्या कड्याचें काम तज्ज्ञाकडे सोंपवावें. बाकी उरतें तें रात्रीं शेतांत एक फेरी मारण्याचें, आणि तें काम शेतकऱ्याशिवाय दुसरें कोणी करूं शकणार नाहीं. येत्या खरिपांत आमच्या वाचकांनीं औषधाच्या दुकानाची पायरी चढण्यापूर्वीं ही फेरी अवश्य मारावी, अशी आमची त्यांस विनंति आहे.